इरईची रेघ

मे महिन्यातली दुपार. नागपूरहून भल्या पहाटे निघालात, तरी चंद्रपूर येईपर्यंत ऊन माथ्यावर आलंच. डोक्याला पांढरा दुपट्टा, खिशात घरच्यांनी आठवणीने घातलेला कांदा, हातात कोमट झालेली पाण्याची बाटली. पारा 45 च्या पुढे गेलाय. चंद्रपूरच्या पश्चिम-नैर्ऋत्येला 10 मैलांवर, पैनगंगेच्या खोऱ्यात, इरई नावाचं गाव आहे. शहराजवळून वाहणारी इरई नदी वेगळी. या गावाकडे सहसा कोणी मुद्दाम येत नाही. तुम्ही आला आहात ते एका दगडासाठी.

हा चुनखडक आहे. याच भागातला चुनखडक खणून, भाजून विदर्भातल्या कारखान्यांत सिमेंट होतं. हात ठेवाल तर चटका बसेल, म्हणून दुपट्ट्याचं टोक बोटाला गुंडाळा आणि हलकेच फिरवा. खडक गुळगुळीत लागतो, घोटलेल्या फरशीसारखा. आणि त्या गुळगुळीतपणात रेघा आहेत. लांब, सरळ, एकमेकींना समांतर. नांगराच्या फाळाने जाता जाता दगड ओरबाडला असावा, तशा. पाण्याने अशी रेघ पडत नाही. पाणी दगडाला वळणं देतं, खळगे पाडतं. वाऱ्याचंही हे काम नाही. अशी रेघ ओढायला वर प्रचंड वजन लागतं आणि त्या वजनाच्या तळाशी घट्ट रुतून बसलेला, चुनखडकाहून कठीण असा दगड लागतो.

1872 मध्ये भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण खात्याचा फेडन नावाचा माणूस इथे आला आणि त्याने हे ओळखलं. त्याच्या आधी, 1856 मध्ये, ओडिशातल्या तालचेरला ब्लॅनफर्ड बंधू आणि थिओबाल्ड यांनी एक विचित्र थर पाहिला होता. बारीक, हिरवट चिखलाच्या दगडात मधेच मोठमोठे गोटे रुतलेले. इतका बारीक चिखल आणि इतके मोठे गोटे एकाच वेळी वाहून आणणारी नदी असत नाही. हे बर्फाचं काम असावं, असं त्यांनी लिहिलं. उन्हाने भाजणाऱ्या हिंदुस्थानात बर्फ? शंका घेणाऱ्यांना कारण होतं. इरईच्या रेघांनी त्या शंकेतली हवाच काढून घेतली.

बोट रेघेतच राहू द्या. आता मागे जायचं आहे.

सिमेंटच्या खाणी बुजतात. चंद्रपूरचा गोंडराजांचा परकोट दगड दगड होऊन टेकड्यांत परततो. माणूस दिसेनासा होतो. एवढं व्हायला डोळ्याचं पातं लवण्याइतका वेळ लागला. पुढचा प्रवास फार लांबचा आहे. तुम्ही दगडावरून हललेला नाहीत, पण जमीन हलायला लागली आहे. सगळं द्वीपकल्प दक्षिणेकडे सरकतंय. उत्तरेला हिमालय खचत खचत समुद्रात जातो. विषुववृत्त डोक्यावरून निघून जातं. 6 कोटी 60 लाख वर्षांपाशी पश्चिमेचं आकाश लाल होतं आणि सीताबर्डीच्या टेकडीपासून सह्याद्रीपर्यंतचा सगळा काळा पाषाण पुन्हा वितळून भेगांमध्ये उतरतो. वरोऱ्याकडच्या पिसदुऱ्याला लांब मानेचे प्रचंड प्राणी चरताना दिसतात न दिसतात तोच नाहीसे होतात. थांबू नका. हवा गार होऊ लागली आहे. दुपट्टा डोक्यावरून काढून गळ्याभोवती घ्या.

सुमारे 30 कोटी वर्षांपूर्वी थांबा.

आधी ऐकू येतो तो आवाज. खोल, दबका, पोटात जाणवणारा करकराट. तुमच्या वर बर्फ आहे आणि तो चालतो आहे. इतका सावकाश की दिवसभर बघत बसलात तरी सरकलेला कळणार नाही, पण तो थांबत नाही. त्याच्या तळात ग्रॅनाइटचे, क्वार्ट्झाइटचे गोटे गोठून बसले आहेत. त्यातला एक, नारळाएवढा, तुमच्या बोटाखालच्या चुनखडकावरून घसटत पुढे जातो. चुनखडक त्याही वेळी म्हातारा आहे, कोट्यवधी वर्षं पाहिलेला. तो कण कण झिजतो आणि दुधासारखी बारीक पूड बर्फाच्या पाण्यात मिसळते. रेघ पडली. गोट्यालाही ओरखडे उठले, त्याची एक बाजू घासून सपाट झाली. असे सपाट अंगाचे गोटे तालचेरच्या थरात आजही सापडतात.

आपण दक्षिण ध्रुवाच्या बाजूला आहोत. भारत, अंटार्क्टिका, ऑस्ट्रेलिया, आफ्रिका, दक्षिण अमेरिका ही सगळी एकच भूमी आहे. या भूमीला पुढे जे नाव पडणार आहे ते इथलंच आहे. नागपूर वसवणारा बख्तबुलंद शाह देवगडचा गोंड राजा. त्या गोंडांच्या मुलखावरून, गोंडवनावरून, 1872 मध्येच मेडलिकॉट या भूवैज्ञानिकाने इथल्या खडकांच्या मालिकेला गोंडवाना म्हटलं. पुढे एडुआर्ड झ्यूस या ऑस्ट्रियन भूवैज्ञानिकाने तेच नाव उचलून सगळ्या दक्षिण खंडांच्या जुन्या भूमीला दिलं. सातपुड्याच्या पायथ्याचं नाव अंटार्क्टिकाच्या खडकांना लागलं. मला हे नाव फार जवळचं वाटतं. आपल्याकडे शाळेत ते भूगोलाच्या पुस्तकात परक्या शब्दासारखं येतं, याचं वाईटही वाटतं.

थोडे पुढे या, काही लाख वर्षं. बर्फ मागे हटतोय. त्याने मागे सोडलेल्या खड्ड्यांत, दऱ्यांत पाणी साचलंय आणि त्या पाण्याच्या काठाने तुम्ही चालता आहात. पाणी हिरवट-राखाडी, गढूळ. उन्हाळा आहे; सूर्य क्षितिजाच्या जवळजवळ सरपटत जातो आणि रात्र म्हणण्यासारखी रात्र होत नाही. पाण्यावर हिमनग तरंगत आहेत. वितळता वितळता एक हिमनग कलतो, आणि त्याच्या पोटातला गोटा सुटून बुडुक करून खाली जातो. तळाच्या मऊ चिखलात तो रुततो, खालचे थर वाकतात. उन्हाळ्यात वितळलेलं पाणी जाडसर गाळ आणून टाकतं. हिवाळ्यात वर बर्फ धरला की खाली फक्त अतिबारीक माती सावकाश बसत राहते. जाड थर, पातळ थर, पुन्हा जाड, पुन्हा पातळ. वर्षांची वही तळाशी लिहिली जातेय. या गाळाचा पुढे जो दगड होईल तो हिरवट असेल आणि फुटताना सुयांसारख्या काड्या पडतील. हिरवा अशासाठी की थंडीत खनिजं कुजली नाहीत. जशी डोंगरातून निघाली तशीच गाडली गेली.

आता ईशान्येला चला. खूप चालायचंय, सरळ रेषेत सुमारे 480 किलोमीटर, पण वाटेत अडवायला ना जंगल आहे ना वस्ती. गवतसुद्धा नाही, गवत अजून जन्मलेलंच नाही. ओल्या चिखलावर एखाद्या किड्याच्या पायांची नक्षी दिसेल. मधून मधून दगडांच्या आडोशाला खुरटी झाडं, मोठ्या जिभेसारख्या पानांची. या पानाला पुढे गंगामोप्टेरिस म्हणतील. त्यातली गंगा मात्र आपली नव्हे; मुळात तो जाळ्यासाठीचा ग्रीक शब्द आहे. फूल नाही, पाखरू नाही. वाऱ्याशिवाय कुणाचा आवाज नाही.

मग खारा वास येतो.

हा समुद्र आहे. बर्फ वितळून जगभरचं पाणी वाढलं, आणि बर्फाच्या प्रचंड ओझ्याखाली दबलेली जमीन अजून वर उठलेली नाही. त्या सखल वाटेने समुद्राचा एक हात मध्य भारतात शिरलाय. तुम्ही उभे आहात ती जागा आजच्या छत्तीसगडमधलं मनेंद्रगड, हसदेव नदीचा काठ. ही ध्रुवीय खाडी आहे. तिच्या एका टोकाला हिमनद्या पाण्यात उतरतात आणि दुसऱ्या टोकाला ती मोकळ्या समुद्राला मिळते.

ध्रुवीय खाडी म्हटल्यावर डोळ्यांपुढे पेंग्विन येतो, सील येतो. इथे शोधू नका. पक्षी अजून झालेलेच नाहीत. दूध पाजणारा प्राणी पृथ्वीवर कुठेही नाही. बर्फाच्या पांढऱ्या काठावर लोळणारं काही नाही, आकाशातून ओरडत झेपावणारं काही नाही. ही शांतता आधी अंगावर येते. मग गुडघ्याएवढ्या पाण्यात उतरा आणि खाली बघा.

तळ जिवंत आहे. तळहाताएवढे शिंपले दाटीने बसलेत. एक उचला. हाताला जड लागेल, आणि बिजागरीपाशी तर इतका जाड की आश्चर्य वाटावं. हा युरिडेस्मा. लाटांनी उलटं करू नये म्हणून त्याने स्वतःच्या अंगातच नांगर बांधलाय. थंड पाण्याचा हा प्राणी. जिथे जिथे गोंडवानाचा बर्फ समुद्राला भिडला, ऑस्ट्रेलियात, आफ्रिकेत, आज पाकिस्तानात असलेल्या मिठाच्या डोंगरात, तिथे तिथे हा सापडतो. त्याच्या शेजारी पंख्याच्या आकाराचे पातळ शिंपले आहेत, मळसूत्री गोगलगायी आहेत. देठावर उभी राहून प्रवाहात हात पसरणारी समुद्रकमळं आहेत. दिसायला फुलं, पण प्राणी. जाळीदार लेस विणावी तशा वसाहती करून राहणारे, डोळ्याला न दिसणारे जीव आहेत. पाणी इतकं गार की दोन मिनिटांत पाय बधिर होतात. पण याच गार पाण्यात प्राणवायू जास्त विरघळतो, आणि हिमनद्यांनी दळलेल्या दगडाच्या पुडीतून खनिजं येत राहतात. म्हणून ही गर्दी.

यातलं काहीच माझ्या कल्पनेचं नाही. 1921 मध्ये उमरियाजवळ समुद्री जीवाश्म सापडले तेव्हा देशाच्या ऐन पोटात समुद्र कुठून आला, याचं सगळ्यांनाच नवल वाटलं. 1954 मध्ये मनेंद्रगडला हसदेवच्या पात्रात शिंपलेच शिंपले मिळाले. समुद्र नेमका कोणत्या वाटेने आला यावर अभ्यासक पुढे कितीतरी वर्षं भांडले. हसदेवकाठची ती जागा आता जीवाश्म उद्यान म्हणून राखली आहे. नागपूरहून काश्मीरचा बर्फ बघायला जाणारे पुष्कळ. रायपूर-बिलासपूरवरून पुढे जाऊन हा बर्फाचा समुद्र बघून आलेले मला फार थोडे भेटले.

पाय पुसा. खाडीत फार काळ थांबता येणार नाही. जमीन वर उठते आहे आणि समुद्र मागे जातोय. परत नागपूरच्या बाजूला वळा, चालता चालता वीसेक लाख वर्षं, मग कोटी वर्षं ओलांडा. हवा सैल होते. बर्फाने कोरलेल्या दऱ्यांत नद्या आल्या, दलदल आली, आणि झाडं उंच झाली. ग्लोसोप्टेरिस. जिभेच्या आकाराचं पान, मधे ठळक शीर. थंडी आली की पानगळ. दलदलीत पानांचे थर साचतात. पाणी तुंबलेलं, हवा पोचत नाही, म्हणून कुजणं अर्धवट राहतं. त्यावर वाळू, पुन्हा जंगल, पुन्हा वाळू. कामठीचा, उमरेडचा, वणी-घुग्घुसचा कोळसा तो हा. कोराडीच्या आणि खापरखेड्याच्या धुराड्यांतून जे जळून जातं, ते थंड प्रदेशातल्या उन्हाळ्यांचं ऊन आहे. मे महिन्यात नागपुरातला प्रत्येक कूलर त्याच उन्हावर फिरतो. वाळ्याच्या ताट्यांवर पाणी टपकतं, पंखा घरघरतो, आणि त्यासाठी कुठल्या जुन्या हिवाळ्याचं रान जळतंय हे मला दर वर्षी आठवतं.

स्टीफन हिस्लॉप 1845 मध्ये नागपुरात आला तो धर्मप्रचारक म्हणून. पण त्याची नजर दगडांवर असायची. कामठी आणि सिलेवाड्याच्या वालुकाश्मात त्याला पानांचे ठसे मिळाले, त्याने ते इंग्लंडला पाठवले आणि 1861 मध्ये चार्ल्स बनबरीने त्यांचं वर्णन छापलं. दोनच वर्षांनी हिस्लॉप नागपूरजवळच्या एका नाल्याच्या पुरात वाहून गेला. त्या पानांची बहीण कुठे सापडणार आहे, हे त्याला कळलं नाही. नोव्हेंबर 1912 मध्ये, दक्षिण ध्रुवाहून परतताना मेलेल्या रॉबर्ट स्कॉट आणि त्याच्या सोबत्यांचा तंबू शोधपथकाला सापडला. उपाशी, गोठलेल्या त्या माणसांनी घसरगाडीवरचं 35 पौंडांचं ओझं शेवटपर्यंत टाकलं नव्हतं. ते दगड होते, आणि त्यांत ग्लोसोप्टेरिसच्या पानाचा ठसा होता. कामठीतलंच पान. कामठीच्या मातीतून ते जिवाभावाने उचलणारा एक माणूस बुडाला, आणि ध्रुवावर ते न सोडणारी माणसं गोठली.

आता उरलाय तो एक सांधा. सुमारे 13 कोटी वर्षांपूर्वीच्या काळात या, भारताच्या पूर्व काठावर. पायाखालची जमीन फाटतेय. भेगेच्या या बाजूला महानदीचं खोरं आहे. पलीकडे, अंटार्क्टिकाच्या अंगाला, त्याच खोऱ्याचा पुढचा भाग असावा असं अनेक भूवैज्ञानिक मानतात. उत्तरेकडचा तुकडा तुम्हाला ओळखीचा आहे. तो निघाला आणि पुढे मेच्या उन्हात जाऊन पोचला. या वेळी दक्षिणेच्या तुकड्यावर पाय ठेवा आणि त्याच्यासोबत आजपर्यंत या.

महिना जानेवारी. तुम्ही प्रिड्झ उपसागराच्या काठावर आहात, लार्समन टेकड्यांवर. नागपूर इथून सुमारे 10 हजार किलोमीटर, पृथ्वीच्या घेराचा चौथा भाग. आणि रेखांश पाहिलात तर बुलढाण्याच्या बरोबर दक्षिणेला. बुलढाण्यातून रेघ मारून सरळ खाली आलात तर इथेच येता. समोर भारताचं संशोधन केंद्र आहे, ‘भारती’, मार्च 2012 मध्ये सुरू झालेलं. 134 मालवाहू कंटेनर जोडून उभारलेलं. त्याचं कामकाज गोव्यातल्या वास्को येथून चालतं.

सूर्य मावळायचं नाव घेत नाही. खडक उघडे, तपकिरी; मधे मधे गोड्या पाण्याची तळी, शंभराहून जास्त. झाड नाही, झुडूप नाही. शेवाळ आणि दगडफूल एवढीच हिरवळ. तुम्ही ही जागा आधी पाहिली आहे. हिमनगांनी भरलेलं हिरवट पाणी, दगडांच्या आडोशाला तग धरून राहिलेलं थोडंसं जीवन. फरक एकच, आता इथे आवाज आहे.

अडेली पेंग्विन घाईघाईने चाललेत, काळी पाठ आणि पांढरं पोट, चोचीत खडा. खडे रचून घरटं करतात. वितळलेल्या पाण्यात अंडं भिजू नये म्हणून. एकाने मान वळवली की शेजारी त्याचा खडा पळवतो. वरून स्कुआ घिरट्या घालतो, पिल्लाकडे डोळा ठेवून. खडकाच्या फटीत पांढराशुभ्र हिमवादळी पक्षी बसलाय. जवळ जाऊ नका, तो पोटातलं तेलकट, घाण वासाचं पाणी तोंडावर उडवतो. बर्फावर वेडेल सील गोण्यांसारखे पसरलेत. हिवाळ्यात वर बर्फ धरला की हेच सील दातांनी भोकं घासत मोकळी ठेवतात, श्वासासाठी. दात झिजले की त्यांचं आयुष्यही संपत आलेलं असतं. बर्फाला कान लावा: पाण्याखालून शिट्ट्या, घुमणं, पडत जाणारे सूर. हे त्यांचं बोलणं. थोड्या अंतरावर अमांडा उपसागरात सम्राट पेंग्विनांची वसाहत आहे. ऐन हिवाळ्यात, अंधारात, नर दोन महिन्यांहून जास्त काळ काही न खाता पायांवर एकच अंडं सांभाळत उभा राहतो. आता ते समुद्रात पांगले आहेत.

एक इवला काळा पक्षी पाण्यावर पाय टेकवत, जणू चालत, चारा टिपतोय. विल्सनचा वादळी पक्षी, चिमणीहून थोडा मोठा. इथला हिवाळा लागला की तो उत्तरेकडे निघतो आणि पुष्कळ पक्षी आपल्या कोकण-गोव्याच्या समुद्रापर्यंत येतात. प्रिड्झच्या काठाला तुटून 13 कोटी वर्षं झाली. याच्या पंखांना ते कुणी सांगितलेलं नाही.

पश्चिमेला बघा. दूर तिकडे अमेरी हिमफळीची पांढरी भिंत आहे. 2019 च्या सप्टेंबरमध्ये तिचा 1,636 चौरस किलोमीटरचा तुकडा एकाच वेळी सुटून समुद्रात गेला. तिच्यामागे लॅम्बर्ट, जगातल्या सर्वांत मोठ्या हिमनद्यांपैकी एक. आत खोलवर, प्रिन्स चार्ल्स पर्वतात, कोळशाचे थर आहेत, साधारण कामठीच्या कोळशाच्याच काळातले. आणि त्या हिमनदीच्या तळाशी, जिथे कुणाचा डोळा पोचत नाही, एक नारळाएवढा गोटा बर्फात घट्ट रुतून एका खडकावरून घसटत पुढे चाललाय. रेघ पडते आहे.

बोट काढून घ्या.

इरईला ऊन कलायला लागलंय. दूर कुठे खाणीत सुरुंग उडतो. शेळ्या घेऊन घरी निघालेला एक म्हातारा थांबून विचारतो, “का पाहून रायले बावा?” तुम्ही दगडाकडे बोट करता. तो बघतो, मान हलवतो, शेळ्यांमागे जातो. बाटलीत थोडं पाणी उरलंय. ते त्या रेघेत ओता. रेघ काळीशार होऊन उठून दिसते, पाणी तिच्या कडेने वीतभर पुढे सरकतं, आणि तापलेल्या दगडावर बघता बघता सुकतं.